वाढदिवस कुणासाठी?



पहिल्या कम्युनियनच्या मुलांचे अर्ज आले की मी ते बाप्तिस्म्याच्या नोंदवहीशी ताडून पाहतो. नाव, आईवडिलांची नावे, जन्मतारीख. काही वर्षांपूर्वी एका मुलाच्या अर्जातली जन्मतारीख जुळेना. नोंदवहीत सप्टेंबर महिना होता, अर्जात मे. अर्ज धर्मशिक्षणाच्या वर्गातच भरून घेतले होते आणि अक्षर मुलाचेच होते. चुकून लिहिले असेल असे समजून मी वर्ग सुटल्यावर त्याला बोलावले. तो आधी काही बोलेना. मग मान खाली घालून म्हणाला, "फादर, मी सगळ्यांना मे महिनाच सांगतो. मे महिन्यात सुट्टी असते ना. कुणाला बोलवावं लागत नाही."

वय वर्षे नऊ. त्याच्या वर्गात वाढदिवसांची रांगच लागलेली असे. कुणाचा हॉलमध्ये, कुणाचा लॉनवर. उड्या मारायला हवा भरलेला किल्ला, जादूगार, डीजे, आणि निघताना प्रत्येकाच्या हातात रिटर्न गिफ्टची पिशवी. दोन पार्ट्यांना हा गेला. तिसऱ्या वेळी पोट दुखते म्हणून घरी राहिला. "आता तुझा कधी?" या प्रश्नाला उत्तर नव्हते, म्हणून त्याने आपली जन्मतारीखच बदलली. अर्ज भरताना शेजारी वर्गातलाच मुलगा बसला होता, म्हणून चर्चच्या कागदावरही तेच लिहिले. आईला यातले काहीच ठाऊक नव्हते.

अर्जावरची तारीख दुरुस्त करायला मला अर्धा मिनिट लागला. पण देवाने ज्या दिवशी आपल्याला या जगात आणले, तो दिवस एका लेकराला लपवावासा वाटला, ही गोष्ट मनातून गेली नाही. त्याला कुणी मुद्दाम दुखावले नव्हते. सगळ्यांनी फक्त आपापल्या मुलांचे वाढदिवस साजरे केले होते. म्हणून आज या पानावर आपण वाढदिवसाचा विचार करू.

आधी एक कबुली. चर्चचा हॉलही अशा समारंभांना भाड्याने जातो. केक कापण्याआधी प्रार्थनेसाठी मला बोलावतात आणि मीही माइक हातात घेऊन प्रार्थना केली आहे. तेव्हा मी बाहेर उभा राहून बोट दाखवत नाही. हा धडा माझ्यासाठीही आहे.

हेरोदाचा वाढदिवस

शुभवर्तमानात एका वाढदिवसाच्या मेजवानीचे सविस्तर वर्णन आहे. ती हेरोद राजाची मेजवानी (मार्क ६:१७-२९). पाहुण्यांची यादी मोठी आहे: दरबारातले अधिकारी, सेनापती, गालीलातील प्रतिष्ठित मंडळी. कार्यक्रम म्हणून हेरोदियेच्या मुलीचे नृत्य ठेवले आहे. राजा खूश होतो आणि भर सभेत शपथ घालून तिला वाटेल ते देण्याचे वचन देतो. मुलगी आईला विचारते, आणि योहान बाप्तिस्त्याचे शिर तबकातून मागते.

पुढचे वाक्य वाचताना आपण थांबावे. संत मार्क सांगतात की राजाला फार वाईट वाटले. योहान नीतिमान आहे हे तो ओळखून होता. तरी त्याने नकार दिला नाही. का? शपथेमुळे, आणि पंक्तीला बसलेल्या पाहुण्यांमुळे. म्हणजे त्या रात्रीचा निर्णय हेरोदाच्या मनाने घेतलाच नाही. तो पाहुण्यांच्या डोळ्यांनी घेतला.

दुसरी एक गोष्ट सहज नजरेतून निसटते. या मुलीसाठी मार्कने जो ग्रीक शब्द वापरला आहे, तोच त्याने आदल्या अध्यायात याईराच्या बारा वर्षांच्या मुलीसाठी वापरला आहे. त्याचा अर्थ 'लहान मुलगी'. दोन मुली, एकामागून एक अध्यायात. याईराच्या घरी येशू गोंगाट करणाऱ्यांना बाहेर काढतो, फक्त आईवडील आणि तीन शिष्य यांना आत नेतो, मुलीचा हात धरून तिला उठवतो आणि म्हणतो, हिला काहीतरी खायला द्या. हेरोदाच्या घरी मुलीला भरल्या सभेत उभे करतात, सगळे तिच्याकडे पाहतात, आणि मोठी माणसे आपला हेतू तिच्या हातून साधून घेतात. तिला भूक लागली आहे का, हे तिथे कुणी विचारत नाही.

आपले वाढदिवस हेरोदाचे नसतात, हे मला माहीत आहे. पण एक प्रश्न आपल्यालाही लागू पडतो. किती माणसे बोलवायची, किती खर्च करायचा, हे ठरवताना आपल्या मनात आपले मूल असते की पंक्तीला बसलेले लोक? पहिल्या वाढदिवसाला रात्री दहा वाजता स्पीकरच्या आवाजाने घाबरलेले, टोचणाऱ्या कपड्यांत रडणारे बाळ आपण सगळ्यांनी पाहिले आहे. आई त्याला घेऊन बाहेर उभी असते आणि आत निवेदक तिचे नाव पुकारत असतो.

काना येथील लग्न

कुणी म्हणेल, "फादर, हौसमौज करायचीच नाही का?" जरूर करावी. आपला प्रभू मेजवान्यांना जात असे, इतका की विरोधकांनी त्याला खादाड म्हटले. काना येथील लग्नात द्राक्षारस संपला तेव्हा त्याने सहा दगडी रांजण काठोकाठ भरायला लावले (योहान २:१-११). ते नुसते गरजेपुरते नव्हते, भरपूर होते. आनंदाच्या बाबतीत देव कंजूष नाही.

पण ते कसे घडले, ते पाहा. भोजनकारभाऱ्याला द्राक्षारस कुठून आला हे कळलेच नाही. त्याने कौतुक केले ते नवऱ्या मुलाचे. पाणी भरणाऱ्या नोकरांना मात्र ठाऊक होते. येशूने यजमानाची लाज राखली आणि स्वतः पडद्यामागे राहिला. हेरोदाच्या घरी पाहुण्यांसाठी एका माणसाचा जीव गेला. काना येथे पाहुण्यांना पोटभर आनंद मिळाला आणि कुणाचीही मान खाली गेली नाही. दोन्हीकडे मेजवानीच होती. तेव्हा प्रश्न मेजवानी असावी की नसावी हा नाही. ती कशासाठी आहे, हा आहे.

चेंडूची किंमत

ॲरिस्टॉटल हा ख्रिस्ताच्या तीनशेहून अधिक वर्षे आधीचा ग्रीक तत्त्ववेत्ता. नीतिशास्त्रावरील आपल्या ग्रंथाच्या चौथ्या भागात त्याने खर्चाचा विचार केला आहे. प्रसंगाला शोभेल असा मोठा खर्च करणे हा त्याच्या मते सद्गुण आहे. तो काही काटकसरीचा उपदेशक नव्हता. पण एका माणसाला तो नावे ठेवतो. हा माणूस मित्रमंडळींचे साधे जेवणही लग्नाच्या थाटात घालतो, आणि तेही आपली श्रीमंती दिसावी म्हणून. त्याच ठिकाणी तो आणखी एक गोष्ट नोंदवतो. अतिशय सुंदर चेंडू ही मुलासाठी भव्य भेट आहे, जरी त्याची किंमत अगदी थोडी असली तरी.

हे मी सेमिनरीत वाचले होते, पण त्याचा अर्थ धर्मग्रामात आल्यावर कळला. भेटीची भव्यता पैशात मोजायची नसते. ती ज्याला द्यायची त्याच्या मापाने मोजायची असते. पाच वर्षांच्या मुलाला पाचशे माणसांचा हॉल मापाचा होत नाही. चेंडू होतो, कारण तो त्याच्या हातात मावतो आणि तो फेकला की कुणीतरी परत टाकावा लागतो.

देखावा आणि अनुभव यांतला फरकही इथेच आहे. देखाव्यात मूल एक तर पाहते किंवा पाहिले जाते. अनुभवात ते काहीतरी करते: खेळते, बनवते, वाढते, हरते, हसते. पैसे जास्त घालून अनुभव विकत मिळतो असेही नाही. महागडा जादूगार बोलावला तरी मूल प्रेक्षकच राहते, आणि तेही स्वतःच्याच वाढदिवशी.

ऑगस्टीनचा बत्तिसावा वाढदिवस

संत ऑगस्टीन यांचा जन्म १३ नोव्हेंबर ३५४ चा. ३८६ साली, बाप्तिस्मा घेण्याच्या काही महिने आधी, ते मिलान शहराजवळ एका मित्राच्या मळ्यातील घरी राहत होते. त्या वर्षीचा वाढदिवस त्यांनी कसा साजरा केला, हे त्यांनी स्वतः 'सुखी जीवन' या विषयावरील छोट्या पुस्तकात लिहून ठेवले आहे. त्यांनी बेताचे जेवण ठेवले, डोके जड होऊ नये इतकेच. मग घरातली माणसे एकत्र बसली: आई मोनिका, भाऊ, दोन चुलत-मावस भाऊ, दोन विद्यार्थी आणि सर्वांत लहान म्हणजे किशोरवयीन मुलगा आदेओदातुस. त्या भावांचे शिक्षण झालेले नव्हते, तरी त्यांनाही सोबत घेतले.

विषय होता, सुखी कोण? ऑगस्टीनने विचारले, ज्याला हवे ते मिळते तो सुखी म्हणावा का? मोनिका म्हणाली, चांगले हवे असेल आणि ते मिळाले तर सुखी. वाईट हवे असेल तर मिळाले तरी दुःखीच. शाळा न शिकलेल्या आईचे हे उत्तर ऐकून मुलगा थक्क झाला. तीन दिवस या गप्पा चालल्या. तिसऱ्या दिवशी ढग पांगले, तेव्हा मंडळी जवळच्या कुरणात जाऊन बसली.

पुढच्याच वर्षी मोनिका देवाघरी गेली. आदेओदातुसही काही वर्षांतच, तरुण वयात वारला. त्या वाढदिवसाला काय शिजले होते, हे आज कुणाला माहीत नाही. आई काय म्हणाली आणि मुलगा काय म्हणाला, ते सोळाशे वर्षे राहिले आहे.

आपल्या घरी कुणी पुस्तक लिहीत नसेल. पण आजी-आजोबा आज पाटावर बसले आहेत आणि पुढच्या वर्षी असतीलच असे नाही, हे प्रत्येक घरात खरे आहे.

'वाढणे'चे दोन अर्थ

आपल्या मराठीत 'वाढणे' या शब्दाला दोन अर्थ आहेत. मूल वाढते, आणि आई ताटात वाढते. वाढदिवस हा पहिल्या अर्थाचा दिवस आहे. तो दुसऱ्या अर्थाचाही करावा, एवढेच माझे सांगणे. ज्याचा वाढदिवस, त्याने त्या दिवशी आपल्या हाताने वाढावे. पाच वर्षांचे मूलसुद्धा वाटीभर चिवडा घेऊन पंक्तीतून फिरू शकते. आपल्याकडे सगळ्यांनी पाहावे, यापेक्षा आपण सगळ्यांकडे पाहावे, हे त्याला त्यातून कळते. मोठे होण्याची खूण तीच आहे.

आता व्यवहाराच्या काही सूचना. सगळ्याच सगळ्यांना जमतील असे नाही.

१. आधी मुलाला विचारा. "कोणती थीम हवी?" असे नको. "त्या दिवशी तुला काय करायला आवडेल आणि कुणाबरोबर?" असे विचारा. उत्तर बहुधा आपल्या अंदाजापेक्षा लहान निघते.

२. मुलाचे जितके वय, साधारण तितकेच मित्र बोलवा. सहा वर्षांच्या मुलाला सहा मित्रांशी खेळता येते. साठ जणांच्या गर्दीत ते एकटे पडते. मात्र वर्गातल्या एकालाच सोडून बाकी सर्वांना बोलावणे, असे कधी करू नका.

३. वेळ दिवसाउजेडीची आणि दोन तासांची ठेवा. भुकेले व पेंगुळलेले मूल आनंदी नसते.

४. मुख्य कार्यक्रम एकच असू द्या, आणि तो मुलांनी करायचा असू द्या. अंगणात लगोरी, डबा ऐसपैस. आजीच्या हाताखाली करंज्यांना मुरड घालणे. तळणे मोठ्यांनी पाहावे. ओहोटीच्या वेळी मोठ्यांसोबत किनाऱ्यावर शिंपले वेचणे. आजोबांकडून त्यांच्या लहानपणीची गोष्ट ऐकणे, तीही आपल्या बोलीत.

५. संगीत खुर्ची खेळताना खुर्च्या कमी करा, मुले कमी करू नका. प्रत्येक फेरीला एक खुर्ची काढायची आणि उरलेल्या खुर्च्यांवर सगळ्यांनी मिळून मावायचे. शेवटी दोन खुर्च्यांवर आठ मुले कशी बसतात, ते एकदा पाहाच.

६. भेटींचा बोजा काढून टाका. निमंत्रणातच सांगा की हाताने काढलेले चित्र किंवा वाचून झालेले पुस्तक चालेल. जुन्या करारातील हन्ना दरवर्षी आपल्या शमुवेलसाठी एक लहानसा झगा शिवून नेत असे (१ शमुवेल २:१९). मुलगा दूर मंदिरात. वर्षभरात तो किती वाढला असेल याचा अंदाज घेत तिने ते कापड बेतले असेल. भेट म्हणजे हा अंदाज: तू किती वाढलास, याचा मी विचार केला.

७. फोटो एकाने काढावेत, दहा मिनिटे. मग मोबाइल कपाटात. मुलाला वाढदिवशी आईवडिलांचे चेहरे दिसू देत, मोबाइलची पाठ नको.

८. ताटे-पेले घरचे किंवा शेजाऱ्यांकडून आणलेले स्टीलचे घ्या. प्लास्टिकची ताटे-पेले, फुग्यांच्या प्लास्टिकच्या काड्या आणि सजावटीचे थर्माकोल यांवर देशभर १ जुलै २०२२ पासून बंदी आहे. कायदा नसता तरी, आपल्या आनंदाचा कचरा ओढ्यात तुंबावा हे बरे नव्हे.

९. अनाथाश्रमात किंवा वृद्धाश्रमात वाढदिवस करायचा असेल तर आधी मनाशी विचार करा. ज्या मुलाला आपली जन्मतारीखही ठाऊक नाही, त्याने दुसऱ्याचा केक कापताना पाहावे, टाळ्या वाजवाव्यात आणि फोटोत उभे राहावे, हाही देखावाच आहे. फक्त प्रेक्षक गरीब आहेत. त्यांना काय हवे ते संस्थेला विचारा, ते द्या, आणि वाढदिवस नसतानाही जात राहा.

१०. वाढदिवसासाठी कर्ज काढू नका. पतपेढीचा हप्ता मूल दोन वर्षांचे झाले तरी चालू असतो, आणि तो भरताना घरात होणारी भांडणे मूल ऐकत असते.

ज्यांना परवडते त्यांना माझी वेगळी विनंती आहे. तुम्ही खर्च कराल, तो तुमचा हक्क आहे. पण गावात पायंडा तुम्हीच पाडता. तुम्ही साधेपणाने केले तर त्याला कुणी गरिबी म्हणणार नाही. त्या साधेपणाच्या आडोशाला दहा घरे ताठ मानेने उभी राहतील.

दुसरा वाढदिवस

ख्रिस्तसभेच्या दिनदर्शिकेत जन्माचे सण तीनच आहेत: प्रभू येशूचा २५ डिसेंबरला, पवित्र मरियेचा ८ सप्टेंबरला आणि योहान बाप्तिस्त्याचा २४ जूनला. बाकीच्या बहुतेक संतांचा सण त्यांच्या मृत्यूच्या दिवशी येतो. आरंभीच्या ख्रिस्ती लोकांनी त्या दिवसालाच स्वर्गातला जन्मदिवस मानले.

त्यांच्या मध्ये आणखी एक जन्म आहे, तो बाप्तिस्म्याचा. पोप फ्रान्सिस यांनी जानेवारी २०१४ मध्ये लोकांना विचारले होते की आपल्या बाप्तिस्म्याची तारीख किती जणांना आठवते, आणि ती शोधून काढा असा गृहपाठच दिला होता. आपणही तो करू. चर्चच्या कार्यालयात या, मी नोंदवही उघडून तारीख काढून देईन. त्या दिवशी घरी बाप्तिस्म्याची मेणबत्ती लावा, धर्मपिता-धर्ममातेला जेवायला बोलवा आणि मुलाला त्याच्या बाप्तिस्म्याची गोष्ट सांगा. या वाढदिवसाला हॉल लागत नाही, आणि त्याची स्पर्धा अजून तरी कुणी सुरू केलेली नाही.

आता त्या मुलाचे सांगतो. मी त्याच्या आईशी बोललो. त्याच सप्टेंबरात, खऱ्या तारखेला, त्याचे चार मित्र घरी आले. पावसाची उघडीप होती. आजोबा त्यांना बावखलावर घेऊन गेले आणि गळ टाकायला शिकवले. दोन बारके मासे मिळाले, ते पाहून पाण्यात सोडून दिले. संध्याकाळी आईने केलेला केक त्याने सर्वांना वाढला. सगळे गोडच झाले असे नाही. एका मुलाने "रिटर्न गिफ्ट कुठंय?" असे विचारलेच. त्यावर याने आपल्याकडचा एक गळ त्याला देऊन टाकला, असे आजोबांनी मला सांगितले. पुढच्या वर्षी शाळेत त्याने कोणता महिना सांगितला, हे मी विचारले नाही. पण वेदीसेवकांच्या यादीसाठी त्याने स्वतःची जन्मतारीख लिहून दिली, ती नोंदवहीशी जुळली.

घरात आणि छोट्या ख्रिस्ती समूहात चर्चेसाठी

१. आपल्या लहानपणीचा कोणता वाढदिवस आठवतो? त्यातले नेमके काय आठवते?

२. मार्क ६:१७-२९ आणि योहान २:१-११ हे उतारे एकामागून एक वाचा. दोन मेजवान्यांत कोणाकोणाकडे लक्ष दिले गेले, कोणाकडे नाही?

३. आपल्या आळीत वाढदिवसामुळे ज्याची मान खाली जाते असे एखादे मूल आहे का? आपण काय करू शकतो?

प्रार्थना

हे प्रभू, आमच्या लेकरांचा जन्मदिवस तू ठरवलास. तो त्यांना कधीही लपवावासा वाटू नये. आमच्या हातून त्यांना प्रेम मिळो, आणि त्यांच्या हातून इतरांना वाढले जावो. आमेन.

प्रभूमध्ये आपला,
धर्मगुरू